शकूआक्का आणि लग्नाआधीचा कागद

आमच्या निपाणीच्या गल्लीत लग्न ठरलं की पत्रिका आधी गावभर वाटायच्या आणि अगदी शेवटी, हळदीच्या आदल्या दिवशी, शकूआक्काच्या घरी टाकायची, अशी पद्धत पडली होती. टाकायची म्हणजे खरंच टाकायची. दारातल्या चपलांशेजारी पत्रिका ठेवून, बेल दाबून माणसं पसार व्हायची. कारण आक्कानं दार उघडलं आणि नवरा किंवा नवरी तावडीत सापडली, की ती अभिनंदन वगैरे काही करत नसे. चष्म्यावरून बघत एकच विचारी, "लिहून घेतलंस काय?"

काय लिहून घ्यायचं? तर लग्नानंतर कोण कुठं राहणार, कोण नोकरी सोडणार की कुणीच नाही सोडणार, पगार कुठल्या खात्यात जाणार, आईबापांचं कोण बघणार, आणि नाहीच जमलं तर कुणाच्या वस्तू कुणाकडं. शहाणी माणसं ह्याला विवाहपूर्व करार म्हणतात. आक्का नुसतं 'कागद' म्हणायची. मांडवाला आंब्याची पानं बांधताना 'नाहीच जमलं तर' हे शब्द कुणाला ऐकायला आवडतील? नवरीच्या आयांना तर घाम फुटे. एकदा एका मावशीनं आक्काच्या तोंडासमोर मीठमोहऱ्या ओवाळून टाकल्या होत्या. आक्कानं शांतपणे ओवाळून घेतलं आणि म्हणाली, "झालं? आता पोरीला हिकडं पाठीव."

आक्का गेली त्याला आता वर्ष होत आलं. परवा शेजारच्या पोरानं लग्नाची पत्रिका आणून दिली, समोरच्या बंद दाराकडं बघितलं आणि म्हणाला, "सर, आता भ्या न्हाय." मला हसू आलं, आणि त्याच्या पाठोपाठ इतकं वाईट वाटलं की पोराला पाणीसुद्धा विचारायचं राहून गेलं.

आक्का म्हणजे बुटकी, रुंद बांध्याची, पांढऱ्या सुती साडीवर वकिलाचा काळा कोट आणि पायांत पोरांचे असतात तसले खेळाचे बूट. त्या कोटाच्या एका खिशात कायम भाजलेले शेंगदाणे. तिची आई तंबाखूच्या वखारीत कामाला जायची आणि घरी येऊन विड्या वळायची. त्या घरातून ही पोरगी वकील झाली. सकाळी तिच्याकडं बुद्धवंदना चालायची तेव्हा गल्ली शांत असायची, आणि वंदना संपून दूधवाला आला की पुढची दहा मिनिटं तिच्या आवाजानं गल्ली जागी व्हायची. कोर्टात न्यायाधीशांपुढं ती कन्नडमध्ये बोले, अशिलाशी मराठीत, आणि कारकुनाशी दोन्हींत मिळून भांडे. आमच्या भागातल्या बायका 'मी जातो, मी करतो' असंच बोलतात. पण आक्का "मी सांगतो" म्हणायची तेव्हा समोरच्या वकिलांचेही हात आपोआप फाइलवरून खाली यायचे.

जन्मभर तिनं काडीमोडाचे आणि पोटगीचे खटले चालवले. चांगली चाललेली लग्नं तिच्या टेबलापर्यंत येण्याचं कारणच नव्हतं. त्यामुळं डेंटिस्टला जशी दुनिया किडक्या दातांचीच दिसते, तसं तिचं झालं होतं. मी हे एकदा तिला म्हणालोही. ती म्हणाली, "दात घासा, एवढंच सांगतोय न्हवं मी? मग त्यात वाईट काय?"

तिचे यजमान, आमचे गुरुजी, चित्रकला शिकवायचे. अत्यंत गरीब स्वभावाचा माणूस. सुट्टीच्या दिवशी ते अंगणात बसून जलरंगांत कर्दळी काढत आणि आत आक्का कुणाच्या तरी नवऱ्याला फोनवर सोलत असे. मी एकदा गुरुजींना विचारलं, "गुरुजी, तुमचा कागद झालाय का हो?" त्यांनी ब्रश पाण्यात बुडवला, नीट झटकला आणि म्हणाले, "आमचं तोंडीच हाय. ती बोलत्या, मी ऐकतो." आतून लगेच आवाज आला, "आणि च्या कोण करतंय ते सांगा की!" गुरुजी उठले आणि चहा करायला गेले. पुढं गुरुजी वारले, तेव्हा कित्येक दिवस आक्का चहाच प्यायली नाही.

लग्नाला मात्र ती न चुकता जायची, पत्रिका कशीही आलेली असो. तिचा आहेर ठरलेला होता. पोळपाट आणि लाटणं. स्टेजवर चढायची, नवरीला ओलांडून पुढं जायची आणि ते सगळं नवऱ्याच्या हातात द्यायची. फोटोग्राफर ओरडायचा, "आक्का, हिकडं बघा!" सूटबूट घातलेला नवरा हातात लाटणं घेऊन कॅमेऱ्याकडं बघतोय, असे फोटो निपाणीतल्या कित्येक अल्बमांत सापडतील.

पण आक्काकडं कागदासाठी आपणहून जाणाऱ्यांचीही ती गय करत नसे. यमगर्णीचा एक पोरगा, बंगळूरला कंपनीत, गळ्यात ओळखपत्राची पट्टी तशीच लटकवून तिच्याकडं आला. मी नेमका तिथं माझ्या घरपट्टीच्या भानगडीसाठी बसलो होतो. पोरानं मोबाइलवरून एक करार उतरवून, छापून आणला होता. इंग्रजीत, जाड जाड शब्द. "आक्का, ह्यावर नुसता तुमचा शिक्का पायजे. पुढं काय झालं तर पोटगी मागणार न्हाय, असं तिच्याकडनं लिहून घ्यायचंय."

आक्कानं शेंगदाणे खात सगळा कागद वाचला. मग चष्मा काढला. "ह्यात कॅलिफोर्निया लिहिलंय," ती म्हणाली. "तू तर यमगर्णीचा."

"ते नाव बदलायचं ऱ्हायलंय, आक्का."

"नाव बदलून काय व्हतंय? ऐक. आपल्याकडं कायद्यात ह्या कागदाला घरच न्हाय. लग्न हे सौदा न्हवं, असं कोर्ट म्हणतंय. पोटगी मागणार न्हाय म्हणून तिनं दहा सह्या केल्या तरी कोर्ट त्यो कागद बाजूला सारून पोटगी देतंय. आणि पोरं झाली तर कुणाकडं, हे बी लिहिलाईस. पोराचं भलं कशात हाय ते कोर्ट त्या वेळी बघणार. पोराचा अजून पत्ता न्हाय आणि तू वाटणी करून मोकळा!"

"पण गोव्यात चालतंय म्हणत्यात."

"गोव्याचा कायदा जुना, पोर्तुगीजांच्या येळचा. तिथं लग्नाआधी असला करार नोंदवता येतो. पण गोव्यात चालतंय ते सगळं निपाणीत चालतंय व्हय रं?"

पोरगा गोंधळला. "मग आक्का, तुमी सगळ्यांस्नी लिहा लिहा म्हणून का सांगत असता?"

"तुझ्यागत एकट्यानं लिहून आणाय न्हाय सांगत. दोघांनी बसून लिहा म्हणतोय. पोरीला घेऊन ये. आणि ही पोटगीची ओळ तिच्यापुढं मोठ्यानं वाचून दाखीव. मी हितंच बसतो."

तो पोरगा पुन्हा आला नाही. लग्न मात्र त्याच पोरीशी झालं. आक्कानं स्टेजवर त्याला लाटणं देताना कानात काहीतरी सांगितलं आणि तो पुढच्या सगळ्या फोटोंत घाबरलेला दिसतो.

दुसरी गंमत सीमेची. आमच्याकडं निम्म्या सोयरिकी सीमेपलीकडं होतात. पोरगी निपाणीची, पोरगा कागलचा. दोघं शिकलेली, दोघांनाही कागद हवा. पण मुद्रांक कुठल्या राज्याचा घ्यायचा, ह्यावर दोन्हीकडचे चुलते पेटले. कर्नाटकाचा घेतला तर त्यावरचं कन्नड आम्हाला वाचता येत नाही, त्यात काय लिहिलंय कुणास ठाऊक, असं कागलकरांचं म्हणणं. महाराष्ट्राचा घेतला तर आम्ही तिकडच्या कोर्टात का यायचं, असं निपाणीकरांचं. जन्मभर मराठीसाठी घोषणा दिलेले निपाणीचे चुलते त्या दिवशी कर्नाटकाच्या मुद्रांकासाठी भांडत होते. आक्कानं सगळ्यांना ऐकून घेतलं आणि शेवटी पोरांच्या शाळेच्या वहीतला कोरा कागद फाडून टेबलावर ठेवला. "कोर्टात दोन्ही सारखेच निकामी हाईत," ती म्हणाली. "ह्याच्यावर लिवा. भांडी घासाय दोन्ही राज्यांत पाणीच लागतंय." मग पोरा-पोरीनं बाहेरच्या कट्ट्यावर बसून अख्खी दुपार लिहीत काढली.

आता आमच्या घरातली गोष्ट सांगतो. आक्का कोण होती ते मला त्या दिवशी कळलं.

माझा थोरला भाऊ लवकर गेला. मागं मालतीवहिनी आणि त्यांची एकुलती पोरगी अश्विनी. वहिनींनी शिवणकाम करून पोरीला शिकवली. अश्विनी बेळगावात इंजिनिअरिंग कॉलेजात शिकवायला लागली. तिथंच तिची महेशशी ओळख झाली. महेश सदलग्याचा, बेळगावच्या एका कारखान्यात इंजिनिअर. त्यांचा ऊस, त्यांचं घर, सगळं मोठं. आणि सगळ्यांत मोठे त्याचे वडील, आप्पा. आवाज असा की फोन आला तर आम्ही तो स्पीकरवर न टाकताच ऐकायचो. लग्न ठरलं. वहिनी सुखावल्या. पण अश्विनीचं तोंड काही उजळेना.

तिला आईला एकटं टाकायचं नव्हतं. लग्नानंतर बेळगावातच, वडगावात घर घ्यायचं आणि वहिनींनी हवं तेव्हा तिथं येऊन कायमचं राहायचं, हे तिच्या मनात होतं. महेश कबूल होता. पण आप्पांना सांगायची दोघांचीही छाती होत नव्हती. आमच्याकडं मुलीची आई जावयाच्या दारात राहायला जाणं म्हणजे नाक कापून हातात देण्यासारखं. वहिनींना तर हे विचारायचीसुद्धा सोय नव्हती. त्या लग्न मोडतील पण हो म्हणणार नाहीत, हे अश्विनीला ठाऊक होतं.

दोघं आक्काकडं गेली. कित्येक रविवार तिथं बसून त्यांनी कागद लिहिला. रडारडी झाली, एकदा महेश रागानं उठून बसस्टँडपर्यंत जाऊन परत आला, असं अश्विनीनं मला मागाहून सांगितलं. कागद झाला, महेशच्या हौसेखातर मुद्रांकावर टाइपही झाला, तेव्हा तो म्हणाला, "आप्पांना लग्न झाल्यावर हळूच सांगू." त्यावर आक्का उसळली. "मग हे लिवलं कशाला? पतंग कराय? सुपारीच्या दिवशी सह्या करायच्या आणि त्याच दिवशी सांगायचं. न्हाय तर ह्यो कागद मी चुलीत घालतो." पोरांनी मान डोलावली. आईला आणि आप्पांना त्या दिवशी सगळं सांगायचं, असं ठरलं.

सुपारीचा कार्यक्रम म्हणजे लग्न पक्कं करण्याचा. दोन्हीकडची वडीलधारी समोरासमोर बसतात आणि लग्नातलं काय कुणाकडं, ह्याची यादी मोठ्यानं वाचली जाते. मंडप वधूकडे, वाजंत्री वराकडे, असं. त्या यादीला चारी कोपऱ्यांना हळदीकुंकवाची बोटं लावलेली असतात. एकेक कलम वाचलं की मंडळी "मंजूर!" म्हणतात. कुणी फारसं ऐकत नाही, कारण सगळं आधीच ठरलेलं असतं. लक्ष असतं चिवड्याकडं. वाचणारे आमच्याकडं नेहमी वहिनींचे भाऊ, संकेश्वरचे दिनकरमामा. मामांना आपल्या आवाजाचा फार अभिमान. एकदा वाचायला लागले की मध्ये थांबणं त्यांना अपमानाचं वाटे.

खरी यादी मी लिहिली होती आणि ती माझ्या खिशात होती. आक्का आली, तिनं सह्यांसाठीचा कागद वहिनींच्या हातात दिला. "मालती, हे जपून ठेव. मागनं लागणार हाय." बस्स, एवढंच. आणि ती खुर्चीवर जाऊन बसली. वहिनींनी बघितलं तर सरकारी शिक्क्याचा, छान टाइप केलेला कागद. त्यांना वाटलं, वकीलबाईंनी यादीच मुद्रांकावर करून आणली! केवढं हे प्रेम! त्यांनी तो कागद देवापुढं ठेवला, चारी कोपऱ्यांना हळदीकुंकू लावलं आणि नारळासुपारीच्या ताटात मधोमध ठेवून ताट दिनकरमामांपुढं नेऊन ठेवलं. वाचला मात्र नाही. हळदीकुंकू लागलेला कागद वाचायचं काम मामांचं.

मी तेव्हा चहाचे कप मोजण्यात गुंतलो होतो. मामांचा आवाज लागला.

"परस्पर संमतीने व वडीलधाऱ्यांच्या आशीर्वादाने..." इथपर्यंत सगळ्या याद्या सारख्याच असतात. "कलम पहिले. उभयतांचा पगार उभयतांच्या खात्यात राहील."

"मंजूर!" मंडळी म्हणाली.

"कलम दुसरे. मंगळवार व गुरुवार, संध्याकाळचा स्वयंपाक वर महेश याजकडे."

"मंजूर!" सगळ्यांत मोठा आवाज आप्पांचा. पाहुण्यांच्या जेवणाची बाब आहे असं समजून त्यांना एकदम जोर चढला. हात वर करून म्हणाले, "मंगळवार, गुरुवारच कशाला? शनवार बी आमच्याकडंच धरा! आमी काय माघार घेणारी माणसं न्हाय!"

सदलगेकरांनी माना डोलावल्या. माझ्या हातातला कप मात्र तसाच राहिला. मी दाराकडं बघितलं. अश्विनी उंबऱ्यात उभी राहून मामांना थांबवा म्हणून हात हलवत होती. आक्का अर्धवट उठली आणि पुन्हा बसली. मी मामांना खुणा केल्या. मामांनी त्या खुणा शाबासकीच्या समजून आवाज आणखी चढवला.

"कलम तिसरे. वधूची आई श्रीमती मालती, इच्छा होईल तेव्हा, उभयतांच्या घरी कायमच्या वास्तव्यास येतील, आणि त्या घरात त्यांना पाहुणी समजले जाणार नाही."

आपल्याच बहिणीचं नाव तोंडातून आल्यावर मामा थबकले. सगळं घर गप्प झालं. त्या गप्पपणात, सवयीनं, एकट्या आप्पांचा आवाज घुमला. "मंजूर!"

मग कुणीतरी चिवड्याची बशी खाली ठेवली. महेशचे मामा उठले. "ह्यो काय परकार हाय? सासू जावयाच्या दारात? असलं कुठं लिवत्यात व्हय?" बायकांच्यात कुजबुज सुरू झाली. महेश उभा राहिला आणि म्हणाला, "आप्पा, आमी दोघांनी मिळून लिवलंय. मला मान्य हाय." आणि वहिनी! त्या बिचाऱ्या स्वयंपाकघरातून पुढं आल्या. पोरीकडं बघितलंही नाही. आप्पांपुढं हात जोडून म्हणाल्या, "पोरगी अजाण हाय, दादा. मी कुठं बी येणार न्हाय. माझ्यापायी लग्न मोडू नकासा."

अश्विनी रडायला लागली. मला वाटलं, संपलं. त्या पोरीचं लग्न आमच्या डोळ्यांदेखत मोडत होतं.

आप्पांनी पटक्याची गाठ सारखी केली. आक्काकडं वळले. "वकीलबाई, तुमी सांगा. ह्यो कागद कोर्टात चालतोय का?"

सगळ्यांच्या नजरा तिच्यावर. मनातल्या मनात मी तिला म्हणत होतो, आक्का, चालतो म्हण. एकदा खोटं बोल. शिक्का बघून सगळे गप्प बसले असते.

आक्का म्हणाली, "न्हाय चालत."

"म्हणजे फुकट?"

"कोर्टात फुकट. तुमास्नी ह्याला बांधून ठेवाय मला जमायचं न्हाय, कुठल्या वकिलाला बी न्हाय. पण आप्पा, तुमी चार माणसांत मंजूर म्हटलासा. त्ये चालतंय का न्हाय, ते मला ठाऊक न्हाय. सदलग्याला कसं असतंय, ते तुमचं तुमी सांगा."

आप्पा लाल झाले. आप्पांचे मेहुणे त्यांचा हात ओढत होते. आप्पांनी हात झटकला. "सुपारीत बोललेला शब्द परत घ्यायची आमच्यात रीत न्हाय," ते म्हणाले. "मंजूर म्हटलं म्हणजे मंजूर. येतील त्या."

"मी येणार न्हाय," वहिनी म्हणाल्या.

"म्हणजे?" आप्पांना हे अपेक्षितच नव्हतं. "मी शब्द दिलाय न्हवं! आता न येऊन कसं भागंल?"

"माझं घर हाय की हितं."

"घर ऱ्हाऊ दे! माझ्या शब्दाचं काय? उद्या लोक म्हणतील, सदलगेकरांनी नुसतं तोंडानं म्हटलं!"

घटकेपूर्वी जे ऐकून अंगावर काटा आला असता, त्याच गोष्टीसाठी आप्पा आता वहिनींशी भांडायला लागले. वहिनी नाही म्हणत आणि आप्पांचा आवाज आणखी वर जाई. शेवटी आक्का मध्ये पडली. "कागदात 'इच्छा होईल तेव्हा' लिवलंय. इच्छा आजच व्हाय पायजे असं काय न्हाय. सुपारी फोडा." दिनकरमामांनी सुपारी फोडली. आक्कानं लगेच खिशातून पेन काढून दुसऱ्या कलमात 'शनिवार' घालून घेतला आणि त्यावर आप्पांची सही घेतली. आपण काय वाढवून दिलंय ते आप्पांना लग्नानंतर कळलं. एका शनिवारी अचानक वडगावला गेले, तर पोरगा भाकरी थापत होता.

पाहुणे गेल्यावर मी आक्काला घरी सोडायला निघालो, म्हणजे रस्ता ओलांडायला. तिच्या कट्ट्यावर बसलो. मी म्हणालो, "आक्का, कोर्टात चालतो म्हटली असतीस तर जीव एवढा टांगणीला लागला नसता."

"आणि उद्या खोटं निघालं असतं म्हणजे?" ती म्हणाली. मग कोटाच्या खिशात हात घालून शेंगदाणे चाळवत राहिली. "माझ्या आईला मी आणलं न्हाय रं हितं. वखारीजवळच्या खोलीत एकटीच ऱ्हायली शेवटपर्यंत. पोरगी वकील, आणि आई एकटी."

"गुरुजी नको म्हणाले?"

"छे! सोन्यासारखा माणूस. म्हटलं असतं तर स्वतः आणाय गेले असते. सासू नको म्हणाली न्हाय, कोणच नको म्हणालं न्हाय. मी विचारलंच न्हाय, मग हो तरी कोण म्हणणार? आणि आई काय आपणहून येणार व्हय? तिला वाटलं, पोरीचा संसार हाय." तिनं नाक पुसलं. "जगाच्या भांडणांत मी तोंड घालतो, मास्तर. एवढं एक वाक्य माझ्या तोंडातनं निघालं न्हाय."

लोक ज्या प्रश्नाला भिऊन दारातून पळायचे, तो तिनं आधी स्वतःला विचारायला हवा होता, आणि हे तिच्याइतकं कुणालाच ठाऊक नव्हतं. मला तिची फार माया आली. मी उगाच तिच्या खिशातले शेंगदाणे मागितले आणि आम्ही दोघं खात बसलो.

वहिनी काही वडगावला गेल्या नाहीत. कागद झाला, लग्न झालं, अश्विनीला मुलगी झाली, तरी वहिनी दोन दिवस राहून परत. आप्पा दर सणाला फोन करून दमदाटी करत, "माझ्या शब्दाचं काय केलासा?" आणि मग गेल्या वर्षी वहिनी ओल्या पायरीवरून घसरल्या. पायाला प्लास्टर, गुडघ्याच्या वरपर्यंत. तरी म्हणत होत्या, "मास्तर हाईत की शेजारी, समोर शकूआक्का हाय." तिसऱ्या दिवशी सकाळी आमच्या गल्लीत आप्पांची मोठी गाडी शिरली. मागोमाग दुसऱ्या गाडीत महेश आणि अश्विनी. आप्पा उतरले आणि कुणाला काही न विचारता वहिनींची शिलाईमशीन उचलून डिकीत ठेवायला लागले.

"दादा, नको हो," वहिनी म्हणाल्या. "लोक काय म्हणतील?"

"लोकांपुढंच मंजूर म्हटलंय," आप्पा म्हणाले. "चला."

आक्का कोर्टाला निघालेली, काळा कोट घालून फाटकातून बाहेर आली होती. एरवी तिनं चार गोष्टी सुनावल्या असत्या. त्या दिवशी ती वहिनींच्या खाटेशी आली आणि एवढंच म्हणाली, "मालती, पोरीनं विचारलंय गं तुला. जा की." वहिनींनी तिच्याकडं बघितलं आणि त्यांच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी यायला लागलं. "व्हय," त्या म्हणाल्या. "पण आक्का, तू बी चल वाईच. मला एकटीला लाज वाटत्या."

त्यानंतरही आक्का काही दिवस आमच्या समोर होती, दूधवाल्याशी भांडत होती. मग एका सकाळी झोपेतच गेली. पण मला ती शेवटची म्हणून आठवते ती त्या गाडीतली. मागच्या सीटवर वहिनी आडव्या बसल्या आणि त्यांचा प्लास्टरचा पाय ठेवायला जागा नव्हती, तेव्हा आक्कानं तो आपल्या मांडीवर घेतला. पांढरं प्लास्टर तिच्या काळ्या कोटाला घासून कोट पांढरा होत होता. ती रडत होती, मी तिला पहिल्यांदाच रडताना बघत होतो, आणि रडतारडताच ओरडत होती, "आप्पा, खड्डे बघून चालवा, पाय हाय म्हातारीचा!" गाडी हलली. तिनं काच खाली केली आणि मान बाहेर काढली.

"मास्तर, कोर्टात जाऊन सांग, वकीलबाई आज येत न्हाईत म्हणून."

"काय कारण सांगू?" मी विचारलं.

"आईला घेऊन गेल्यात म्हण," ती म्हणाली, आणि गाडी हायवेला लागली.